मिस्सेच्या कार्डाचा फोटो

डेल्फिन कधी नाटकाच्या दौऱ्यावर असायची, कधी कुठे नाच बसवायला, कधी शूटिंगला. तिचा नवरा मर्विन होळी गावातल्या घराच्या ओट्यावर बसून कुरकुरायचा, "बाई, घरी बसणार तरी कधी?" ती चपला घालता घालता म्हणायची, "म्हातारी झाले की! मग मला बघून बघून कंटाळशील."

अठ्ठेचाळिसाव्या वर्षी ती गेली. महिन्याच्या मिस्सेचं, म्हणजे चर्चमधल्या प्रार्थनेचं, कार्ड छापायला मर्विन आणि मुलगी जीना फोटो शोधायला बसले. एकात डेल्फिन कोळीण होती, एकात मिशा लावलेला हवालदार. साधी डेल्फिन कुठेच नव्हती. मर्विननं त्यातून एक फोटो बाजूला काढला. पिकलेले केस, सुरकुतलेले गाल, नाकावर घसरलेला चष्मा.

"पप्पा, ही तर शेवटच्या सिनेमातली आजी," जीना म्हणाली. "नुसत्या मेकअपला चार तास लागले होते मम्मीला. हा छापला तर लोक हसतील."

"कार्डावर तुला आवडेल तो घाल, बाय. हा मला हवाय."

त्यानं तो ओट्यावर नेला आणि शेजारच्या रिकाम्या खुर्चीत टेकवून ठेवला.

 

"हं. बस आता घरी."