झुडपाची जागा

“इथी नाई,” बायनाबाई बाजेवरूनच म्हणाली. “इथी गायी बसतेत.”

प्रवीणनं फावडं खांद्यावर टाकलं आणि अंगणात आणखी एक चक्कर मारली. तो वनखात्याच्या रोपवाटिकेतला माणूस, मूल गावाहून मोटारसायकलीवर यायचा. जंगल पाहायला येणाऱ्या पाहुण्यांसाठी बचत गटाच्या बायकांनी घरोघरी एकेक खोली काढली होती. खोलीपुढं फुलपाखरं यावीत म्हणून प्रत्येक घराला एक झुडूप मिळालं होतं. बाकीच्यांची झुडपं केव्हाच जांभळ्या तुऱ्यांनी लवली. बायनाबाईकडंच तेवढं लागत नव्हतं.

“फुलं येईपर्यंत झाडाची जबाबदारी माही, बाई. साहेबानं तसंच सांगतलं.”

“अन् नाई आले फुलं तं? इथीच म्हातारा होशीन?”

नंदिनी हसली. ती बायनाबाईची सून. नवरा, नागसेन, धानाच्या रोवण्यात वीज पडून गेला, तेव्हापासून तिचं हसणं या घरात कुणी ऐकलं नव्हतं. बायनाबाईनं मान वळवून तिच्याकडं पाहिलं. नंदिनी झाडू घेऊन मागं गेली.

पहिलं रोप विहिरीपाशी लावलं होतं. पाणी साचून मुळं कुजली. दुसरं कडुनिंबाखाली. सावलीत ते काडीसारखं लांबलं आणि मोडलं. तिसरं घरामागच्या सांदवाडीत, चांगल्या उन्हात. पानं फुटली, जीव धरला, आणि एका सकाळी बूड काळं पडून सगळं माना टाकून बसलं. ते पाहून प्रवीणनं बराच वेळ डोकं खाजवलं होतं.

“माती चिकट आहे,” तो आता म्हणाला. “धानाची माती. या झाडाले पाय ओले चालत नाई.”

“मले बी नाई चालत. मले कोण उचलून ठेवते?”

बायनाबाईनं पाय चोळत पुढं सुरू केलं. “धान घरी आलं का अजय येते नंदिनीले न्यायले. भाऊ हाय तिचा. नागभीडले खानावळ काढली त्यानं, चुलीपुढं घरचं माणूस पाह्यजे. मंग इथी पाहुणे कोण पाहीन अन् फुलपाखरं कोण? कायले हा खटाटोप?”

“तिले जाचं आहे का?” प्रवीणनं मातीकडं पाहत विचारलं.

“बाईले कोण विचारते? तुले तुह्या घरी कोणी विचारते का?”

“घरी कोणीच नाई, बाई.”

“दिसतेच. शर्टाले बटन नाई.”

शेवटी फाटकाजवळची जागा ठरली. तिथं सकाळपासून सांजेपर्यंत ऊन. प्रवीणनं खड्डा केला, तळाला छपरावरचे फुटके कवेलू घातले, वर मुरूम, रेती आणि थोडं शेणखत घालून ढिगारा उंच केला. नंदिनी टोपली भरून देत होती. बायनाबाईनं बाज ओढत आणून दोघांच्या मधोमध टाकली आणि तिच्यावर बसून राहिली. चहाचं तिनं विचारलं नाही.

“फाल्गुनात गुडघ्याएवढं ठेवून सारं छाटजा,” प्रवीण बाजेपलीकडं नंदिनीला सांगत होता. “दया नाई कराची. जुन्या फांदीले फूल येत नाई, नव्या फांदीले येते.”

“अन् जुन्या फांदीचं काय करतेत?” बायनाबाईनं विचारलं.

“चुलीत जाते, बाई.”

“बरं आहे. समजावून ठेव इले.”

झुडूप लागलं. कापणीच्या दिवसांत घरात कुणाला कुणाकडं पाहायला सवड नव्हती. कंबरा मोडल्या होत्या, हात सोलले होते. तरी प्रवीण येऊन बुडाशी बोट घालून ओल पाहून जायचा आणि नंदिनी हातातला विळा ठेवून उभी राहायची. धान घरी आलं त्या आठवड्यात शेंड्याला कळ्यांचा तुरा दिसला.

“जमलं,” प्रवीण म्हणाला. त्यानं फावडं गाडीला बांधलं. “दोन-चार दिवसांत फुलते. आता मले इथी याचं काम नाई.”

“बरं,” नंदिनी म्हणाली.

दुपारभर ती धान पाखडत बसली. पाखडलेलंच पुन्हा पाखडलं. अजयचा निरोप आला होता, रविवारी गाडी घेऊन येतो म्हणून. तिची पिशवी कोनाड्यात भरून तयार होती.

“तोंड काऊन उतरलं?” बायनाबाईनं विचारलं.

“थकली, आई.”

“सारेच थकले. तोंड कोणी असं करत नाई.”

दुसऱ्या दिवशी सुनेच्या आधी बायनाबाई उठली. गुडघे धड वाकत नव्हते. तिनं चूल पेटवली, भात वैरला, शिजल्यावर झाकण आडवं धरून सगळी पेज दुसऱ्या गंजात काढली. पेज रोज निवून गायीला जायची. आज तो वाफाळता गंज तिनं पदरानं धरला आणि एकदा विहिरीपाशी, एकदा बाजेवर टेकत फाटकापर्यंत नेला. तुऱ्यावर एक पिवळं फुलपाखरू बसलं होतं. ते तिनं हातानं हाकललं, गंज झुडपाच्या बुडाशी उपडा केला आणि घराकडं तोंड करून हाक मारली, “नंदिनी, हे बी गेलं वं. अजयले सांग, झाड लागल्याबिगर सून निघत नाई. अन् त्या प्रवीणले फोन लाव. म्हणावं, जेवालेच ये.”