समाधीची जागा

“कायदाच आडवा आला गं गंगव्वा, मी तरी काय करू?” रजिस्ट्रार कचेरीच्या पायरीवर माझे दीर मिशीतल्या मिशीत हसत म्हणाले. त्यांच्या वावरात गंगव्वाच्या नवऱ्याची समाधी होती. तेवढीच जागा ती विकत घेत होती. साठेखत झालं होतं, विसार म्हणून तिनं दुभती म्हैससुद्धा दिली होती. पण एवढासा तुकडा विकायला कायद्यानं बंदी, म्हणून साहेबानं कागद परत केले.

“मग माझी म्हैस तरी सोडा, अण्णा.”

“ती रुळलीय आता आमच्याकडं. आणि उद्या मी तिथं नांगर घालणार बघ.”

गंगव्वा भांडली नाही. समाधीवर दिवा लावून एवढंच म्हणाली, “अहो, मला काही जमलं नाही. आता तुमचं तुम्ही बघा.”

सकाळी दीर नांगर घेऊन गेले, तर वावर सपाट! खुशीत घरी परतले, तर अंगणात म्हशीच्या दावणीशी समाधी उभी. कडेचं गवतही तेच, दिवाही जळतोय. खोटं सांगत असेन तर माझा उरलेला दात पडो.

दीर धावत गंगव्वाकडं गेले. “बाई, फुकट देतो, म्हैसही ने, पण ही जागा घेऊन जा!”

“कशी नेऊ, अण्णा?” ती वात वळत म्हणाली. “कायदा आडवा येतो ना.”

म्हैस तेवढी नेली तिनं. रोज तिन्हीसांजेला दिवा लावायला येते. कधी उशीर झालाच, तर समाधीच्या आत कुणीतरी खाकरतं. मग दीरच तेल घेऊन पळतात.