पहिल्या सीझनची हडळ

तुंगार्लीच्या बंगल्यात भुतांच्या मालिकेचं शूटिंग सुरू झालं, तेव्हा पहिल्या दोन सीझनला हडळ झाली होती ती डोंगरावरच्या वाडीतली बाया. उलट्या पावलांचे रबरी जोड घालून ती आंब्याखाली उभी राहायची आणि जेवणाच्या सुट्टीत तेच जोड हातात नाचवून सगळ्यांना हसवायची. पुढं मालिका बारा वर्षं चालली, हडळी बदलत गेल्या आणि बायाही ते विसरून गेली. वाडीतल्या प्रत्येक तान्ह्या बाळाला न्हाऊ घालायची ती बायाच. हडळ फिरकू नये म्हणून उशाखाली विळा ठेवायचा, तोही तिच्याच हातानं.

यंदा वाडीत मोबाइलला रेंज आली आणि बायकांनी ती मालिका पहिल्यापासून बघायला घेतली. तेव्हापासून बायाला न्हाऊ घालायला कुणी बोलावेना. "लोकं येडी हायती," म्हणून तिनं ते मनावर घेतलं नाही. यंदा तिची लेक रूपाच बाळंतपणाला माहेरी आली होती.

दवाखान्यातून बाळ घरी आलं. बायानं त्याच्या उशाखाली विळा ठेवला, पाणी ऊन केलं, पाटावर बसली, लुगडं गुडघ्यापर्यंत सारलं आणि बाळाला निजवायला पाय लांब केले.

"आण गं माज्या राणीला."

रूपा बाळाला घेऊन दारातच थांबली. बराच वेळ आईच्या पावलांकडं बघत राहिली. मग आत गेली आणि उशाखालचा विळा घेऊन आली.

"विळा कशाला, पोरी? मी हाय न्हवं हितं?"

"म्हनूनच, आये."