साधी टाक, पुढे चल

"काखेतली ही गाठ नवीन आहे," डॉक्टर म्हणाले. "पाठीवरची काढली होती, तिचा लॅबचा रिपोर्ट कुठे आहे?"

"साधी होती हो ती," शर्टाची बटणं लावत बाप म्हणाला. "आमची पोरगीच तुमच्या हॉस्पिटलच्या ऑफिसात आहे. तिनं स्वतः कॉम्प्युटरवर बघितलं. आपल्याला कसली काळजी!"

पोरगी शेजारीच उभी होती. बघितलं होतं तिनं. आठ महिन्यांपूर्वी, जेवणाच्या सुट्टीत, बापाचा फाईल नंबर टाकून. कोड साध्या गाठीचा होता. तिथूनच तिनं फोन लावला होता, "बाबा, सुटलो."

रिपोर्ट आणायला ती तळघरातल्या आपल्या ऑफिसात पळाली.

तिचं काम कोड टाकायचं. कापलेली गाठ केवढी, साधी की कॅन्सरची, त्याचा आकडा विमा कंपनीकडे जायचा. लॅबचा रिपोर्ट येईपर्यंत फाईल बंद करायची नाही, हा नियम भिंतीवर फ्रेम करून टांगलेला होता. रिपोर्टला आठवडा लागायचा. साहेबाला फाईल त्याच दिवशी बंद हवी असायची. त्या फ्रेमखालीच बसून तो तिच्यावर खेकसायचा, "ए बारा नंबर! वाट कसली बघतेस, जावई यायचाय का? साधी टाक, पुढे चल. शंभरात नव्वद साध्याच निघतात."

उरलेल्या दहांचं काय, हे त्याला कोणी विचारलं नाही. तिनंही नाही.

तिथे नावं नव्हतीच. माणसांना नंबर, फायलींना नंबर. दिवसाला साठ फायली. मागाहून आलेले रिपोर्ट बंद फाईलला कोण जोडणार? ते कपाटाखालच्या खोक्यात जायचे.

खोक्यातच बापाच्या फाईल नंबरचं पाकीट सापडलं. कोणी फोडलंही नव्हतं. आत एकच कागद. कॅन्सर. खाली तांबड्या पेनानं लिहिलेलं : पेशंटला ताबडतोब बोलवा.

तिच्या मस्तकात तिडीक गेली. कुठल्या हरामखोरानं रिपोर्ट न बघता साधी टाकली? गचांडी धरून त्याला वर न्यायचं. बापासमोर उभं करायचं. तिनं फाईल उघडली आणि शेवटच्या रकान्यावर आली. कोड कोणी टाकला, ते तिथे असायचं. आजवर तिनं तो रकाना कधी वाचला नव्हता.

बारा.