बिभीषणच्या भूमिकेत बिभीषण

बिभीषणनं डोक्यावरचा पदर सावरला आणि मायला भाकरीचा घास भरवला.

कुंभार पिंपळगावात सिनेमे तो एकटाच काढतो. लेखक तो, कॅमेरा तो, पोलीस तो आणि पोलिसाचा मार खाणाराही तोच. बाईचं काम करायला गावातलं कुणी तयार होईना, म्हणून एका सीनसाठी त्यानं वारलेल्या बहिणीची, शालूची साडी नेसली. माणसं विसरत चाललेली त्याची माय वच्छलाबाई त्याला बघून म्हणाली, "शालू, आलीस व्हय?" आणि कित्येक दिवसांनी पोटभर जेवली. तो सीन अजून चालूच आहे. दाढी तेवढी रोज करावी लागते.

"शालू," आज ती म्हणाली, "दादाला बोलव गं. लई दिस झाले, दिसला न्हाई."

बिभीषणचा हात थांबला. वर्षभरात तिनं त्याचं नाव काढलं नव्हतं.

"आत्ता धाडते," तो शालूच्या आवाजात म्हणाला.

मागच्या खोलीत त्यानं साडी सोडली, पँट-शर्ट चढवला, केसांना पाणी लावलं. आजवर भूत केलं, सरपंच केला, दोन्ही जावा केल्या; स्वतःचं काम पहिल्यांदाच होतं.

"माय, मी आलो."

वच्छलाबाईनं त्याला खालून वर पाहिलं. "कोण?"

"बिभीषण."

"न्हाई. माझा पोरगा खांदा पाडून चालतो. अन् दारातूनच वरडतो, जेवायला काय हाय म्हणून."

तो बाहेर गेला. खांदा पाडून, ओरडत आत आला.

"लई जास्ती झालं," ती म्हणाली.

तो परत गेला. या वेळी खांदा बेतानं पाडला, पण 'जेवायला' म्हणतानाच त्याचा आवाज फुटला.

"माय, मीच हाय गं. खरंच मीच."

"रडू नको बाबा," ती समजुतीनं म्हणाली. "तू चांगल्या घरचा दिसतूस. पर माझ्या पोराचं काम तुला जमायचं न्हाई."

त्यानं शर्टाच्या बाहीनं डोळे पुसले.

"कुणी धाडलं तुला?"

"शालूनं."

वच्छलाबाई हळहळली.

"कसं व्हायचं बाबा पोरीचं," ती म्हणाली. "सख्ख्या भावाचं तोंड इसरली."