खाटेची जागा

"माझी खाट स्वयंपाकघराच्या दाराशी सरकव गं, माणसं तरी दिसतील," असं सासूबाई तीन वर्षं आक्कांना विनवत होत्या. "जमीन उंचसखल आहे, खाट डुगडुगेल," म्हणून आक्का त्यांना उडवून लावायच्या. शेवटी सासूबाई मागच्या कोपऱ्यातल्या खाटेवरच वारल्या. खाट भंगारात गेली.

आता आक्कांनी मिस्त्रीकडून सिमेंटचा पातळ माल ओतून आपोआप सपाट होणारी जमीन करायला घेतली.

"आक्का, ओल्यात खाट कुणी ठेवली?" मिस्त्रीने विचारलं.

स्वयंपाकघराच्या दाराशी खाटेच्या चार पायांचे चार खळगे होते. त्याने ते दोनदा भरले. दोनदा सगळं आरशासारखं झालं आणि खळगे पुन्हा उमटले.

"तुझाच हात कच्चा, मेल्या!" आक्का फणकारल्या, पण त्यांना नजर वर करवेना.

त्यांच्या डोळ्यांदेखत चारही खळगे आणखी बोटभर खचले, कुणी सावकाश खाटेवर अंग टाकावं तसे.