लॅटिनमधला 'तू'

प्रेमपत्रं लिहायची मेणाची पाटी. विझलेला दिवा. तळटीप सतरा. "ये रे, किती छळशील?"

बायकोच्या प्रबंधातल्या, तिनेच मराठीत आणलेल्या या ओळीवर दिगंबरचं बोट अडलं. लॅटिन प्रेमकवितांचा अभ्यास ठीक. पण हे 'रे' कोणाला? त्याच्या वाट्याला तर लग्नापासून नुसतं 'अहो' आलं होतं.

"कोण हा?"

"कवितेतला प्रियकर. अहो, दोन हजार वर्षं झाली त्याला जाऊन," ऊर्मिला म्हणाली.

"मग 'या हो' का नाही लिहिलंस?"

"लॅटिनमध्ये एकट्या माणसाला 'तू'च म्हणतात."

"आणि एवढ्या लाडात? लिहिताना कोणीतरी डोळ्यांसमोर असणार."

"होता की."

दिगंबरने प्रबंध मिटला. "मी ओळखतो?"

"चांगलेच ओळखता. हल्ली भेटत नाही तो."

लग्नात सासूबाईंनी दटावेपर्यंत ऊर्मिला दिगंबरला 'अरे दिग्या' म्हणायची.